अपघाताची भरपाई: दाखल्यावरचा टक्का आणि तुमचं काम

जिल्हा रुग्णालयाच्या अपंगत्वाच्या दाखल्यावर ‘डावा पाय, 45 टक्के’ असं लिहून आलं, की घरात लगेच हिशेब सुरू होतो. एका टक्क्याला इतके हजार, असं कुणीतरी ठामपणे सांगतं. शेजारच्या गावात कुणाला किती मिळाले याची चर्चा होते आणि त्यातून एक आकडा मनात पक्का बसतो. मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात मात्र टक्क्याचा असा कुठलाही दर ठरलेला नाही. या पायामुळे या माणसाची कमाई किती बुडाली, हे न्यायाधीशांना शोधायचं असतं. त्याचं उत्तर दाखल्यात सापडत नाही, ते तुमच्या रोजच्या कामाच्या तपशिलात असतं. तो तपशील कागदांनिशी आणि साक्षीनिशी पुढे आला नाही, तर न्यायाधीशांना अंदाज बांधावा लागतो आणि असा अंदाज जखमी माणसाच्या बाजूने फारसा झुकत नाही.

जखमींच्या भरपाईचा ढाचा सर्वोच्च न्यायालयाने 2010 मध्ये ‘राज कुमार विरुद्ध अजय कुमार’ या निकालात नीट मांडून दिला. आजही न्यायाधिकरणं तोच समोर ठेवतात. पैशात मोजता येणाऱ्या नुकसानीत उपचार, औषधं, प्रवास, पोषक आहार यांचा खर्च येतो. उपचारांच्या काळात बुडालेली कमाई येते. कायमच्या अपंगत्वामुळे पुढे बुडणारी कमाई येते आणि भविष्यातला वैद्यकीय खर्चही येतो. पैशात थेट न मोजता येणाऱ्या नुकसानीत वेदना आणि मानसिक धक्का, जगण्यातली सुखं हिरावली जाणं, लग्नाची शक्यता कमी होणं आणि आयुष्य घटणं हे येतं. हाड जुळलं, माणूस तीन महिन्यांत कामाला लागला, अशा साध्या दाव्यात खर्च, बुडालेला पगार आणि वेदनेपोटी काही रक्कम एवढ्यावर निवाडा होतो. कायमचं अपंगत्व आलं असेल, तरच बाकीची दारं उघडतात.

या निकालातला जखमी 25 वर्षांचा, चीज विकून पोट भरणारा तरुण होता. त्याच्या दाखल्यावर डाव्या पायाचं अपंगत्व 45 टक्के होतं. पण ते त्या एका पायाचं. संपूर्ण शरीराच्या हिशेबात न्यायालयाने ते 25 टक्के धरलं आणि त्याच्या धंद्यातली कमाईची ताकद 20 टक्क्यांनी घटली असं ठरवलं. एकाच जखमेचे हे तीन आकडे नीट ध्यानात घ्या: अवयवाचा टक्का, शरीराचा टक्का आणि कमाईचा टक्का. गुणाकारात फक्त तिसरा जातो. वकील त्याला फंक्शनल डिसॅबिलिटी म्हणतात.

हा तिसरा आकडा काढताना न्यायाधिकरणाने तीन गोष्टी पाहायच्या असतात. अपघातानंतर माणूस काय करू शकतो आणि काय करू शकत नाही, अपघाताआधी त्याचं काम कोणतं होतं आणि वय काय होतं, आणि आता तो तेच काम कमी प्रमाणात किंवा दुसरं एखादं काम करून किती कमावू शकेल. याच निकालात न्यायालयाने दिलेलं उदाहरण फार बोलकं आहे. डावा हात तुटला तर ड्रायव्हर किंवा सुतार यांची कमाई पूर्ण संपू शकते. सरकारी नोकरीतला कारकून तोच हात गमावूनही खुर्चीवर कायम राहतो, पगारही चालू राहतो, म्हणून पुढच्या कमाईच्या नुकसानीपोटी त्याला काही मिळणार नाही. त्याच्यासाठी सुखं हिरावल्याची रक्कम वाढवून धरतात.

दाखल्याचा टक्का नेहमी खालीच येतो असं समजू नका. गवंड्याचा घोटा कायमचा आखडला, तर दाखल्यावर 20 टक्के दिसतील, पण परांचीवर चढणं, उकिडवं बसणं, पाट्या उचलणं हे सारं बंद झालं असेल तर त्याच्या कमाईचं नुकसान त्याहून कितीतरी जास्त असू शकतं. मात्र हे कुणीतरी न्यायाधिकरणाला सांगावं लागतं. दाव्याच्या अर्जात ‘अर्जदार मजुरी करतो’ एवढं एकच वाक्य लिहिलं असेल, तर न्यायाधीशांना परांची कशी दिसणार? सकाळी कामावर गेल्यापासून संध्याकाळपर्यंत तुम्ही शरीराच्या कोणत्या भागाने काय काय करत होता आणि त्यातलं आज काय होत नाही, हे शपथपत्रात सविस्तर लिहून घ्या. वकिलाकडे वेळ नसेल तर स्वतः घरी बसून लिहा आणि त्यांच्या हातात द्या.

2020 च्या एका निकालात सर्वोच्च न्यायालयापुढे 20 वर्षांचा डेटा एन्ट्री करणारा तरुण होता. अपघातात त्याचा उजवा हात गेला होता. दाखला 89 टक्क्यांचा होता आणि उच्च न्यायालयाने कमाईचं नुकसान 45 टक्केच धरलं होतं. सर्वोच्च न्यायालयाने ते 65 टक्के केलं. टंकलेखन करणाऱ्याला दोन्ही हातांची गरज किती आहे, हा विचार त्यामागे होता. भविष्यात उत्पन्न वाढलं असतं, त्या वाढीचा भाग जखमींच्या दाव्यातही मिळवायचा, हेही त्या निकालाने स्पष्ट केलं. तोवर अनेक ठिकाणी तो फक्त मृत्यूच्या दाव्यांत दिला जायचा. तुमच्या दाव्याच्या हिशेबात हा भाग धरला आहे की नाही, हे वकिलांना आवर्जून विचारा.

आता प्रत्यक्ष गणित पाहू. वार्षिक उत्पन्न घ्यायचं. त्यात भविष्यातल्या वाढीपोटी भर घालायची. ‘प्रणय सेठी’ या 2017 च्या निकालाप्रमाणे स्वतःचा धंदा किंवा ठरावीक मोबदल्याचं काम करणाऱ्याला 40 वर्षांखाली 40 टक्के, 40 ते 50 मध्ये 25 टक्के आणि 50 ते 60 मध्ये 10 टक्के. कायम नोकरी असणाऱ्याला अनुक्रमे 50, 30 आणि 15 टक्के. मग वयाचा गुणक लावायचा. हा तक्ता 2009 च्या ‘सरला वर्मा’ निकालातला: 15 ते 25 वर्षांसाठी 18, 26 ते 30 साठी 17, 31 ते 35 साठी 16, 36 ते 40 साठी 15, 41 ते 45 साठी 14, 46 ते 50 साठी 13, 51 ते 55 साठी 11, 56 ते 60 साठी 9, 61 ते 65 साठी 7 आणि त्यापुढे 5. आलेल्या रकमेला कमाईच्या नुकसानीचा टक्का लावायचा. मृत्यूच्या दाव्यात मृताच्या स्वतःच्या खर्चापोटी एक तृतीयांश किंवा एक चतुर्थांश असा भाग वजा होतो. जखमी माणूस जिवंत आहे आणि त्याचं खाणं-पिणं चालूच आहे, म्हणून त्याच्या दाव्यात अशी वजावट होत नाही.

समजा, 34 वर्षांचा सेंट्रिंग कामगार आहे, महिन्याला 15,000 मिळवणारा. वर्षाचे 1,80,000, त्यात 40 टक्के भर घातली की 2,52,000. गुणक 16, म्हणजे 40,32,000. कमाईचं नुकसान 40 टक्के सिद्ध झालं तर या एका बाबीपोटी 16,12,800 रुपये होतात. आता याच माणसाच्या उत्पन्नाचा पुरावा नव्हता म्हणून महिन्याला 10,000 धरले आणि कामाचा तपशील पुढे आला नाही म्हणून नुकसान 20 टक्केच धरलं, असं समजा. तोच पाय, तोच अपघात, आणि रक्कम येते 5,37,600. एक तृतीयांश! हा फरक कायद्याने केलेला नाही, तो न आणलेल्या पुराव्याचा आहे.

म्हणून उत्पन्नाच्या पुराव्याकडे वळू. पगारदाराचं सोपं असतं: पगारपत्रकं, फॉर्म 16, बँकेचा उतारा आणि मालकाचा दाखला. हा दाखला नुसता जोडून भागत नाही, तो देणारा माणूस साक्षीला यावा लागतो. उपचारांसाठी साठलेली रजा वापरली असेल आणि पगार कापला गेला नसेल, तरी ती रजा तुमची मिळकतच होती. तिचीही मागणी करा. धंदा असेल तर अपघाताच्या आधी भरलेली प्राप्तिकर विवरणपत्रं सगळ्यांत भक्कम. अपघातानंतर घाईने भरलेल्या विवरणपत्रावर उलटतपासणीत पहिला प्रश्न येतो.

शेतकऱ्याचा प्रश्न वेगळा आहे आणि महाराष्ट्रातल्या दाव्यांत तो हमखास येतो. नुसता सातबारा दिला तर विमा कंपनीचे वकील म्हणतात, जमीन आहे तिथेच आहे, तिचं उत्पन्न कुठे बुडालं? न्यायालयांनीही हे तत्त्व मान्य केलं आहे: जमीन राहते, जातात ते राबणारे हात आणि देखरेख. त्यामुळे सातबारा आणि आठ-अ यांच्या जोडीला तुम्ही स्वतः काय राबत होता ते दाखवा. साखर कारखान्याची उसाची बिलं, दूध संस्थेची बिलं, अडत्याच्या पट्ट्या अपघाताआधीच्या आणि नंतरच्या, दोन्ही काळांतल्या ठेवा. पूर्वी जे काम तुम्ही करत होता त्यासाठी आता गडी लावावा लागतोय, ट्रॅक्टर भाड्याने घ्यावा लागतोय, तर त्याच्या पावत्या ठेवा आणि त्या गड्याला साक्षीला बोलवा.

रोजंदारीवरच्या माणसाकडे बहुधा कागदच नसतो. अशा वेळी किमान वेतनाचा दर आधार म्हणून घेतात, पण तोच शेवटचा शब्द नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने 2021 मध्ये सांगितलं आहे. मुकादम, ठेकेदार, सोबतचा कामगार यांची साक्ष, ठेकेदाराच्या वहीतली नोंद, मोबाइलवर जमा झालेले मजुरीचे पैसे, बांधकाम कामगार म्हणून असलेली नोंदणी, यातलं जे मिळेल ते गोळा करा. गृहिणीच्या दाव्यात ‘उत्पन्न नाही’ असं लिहून मोकळं होणारे वकील अजून भेटतात, याचा मला मनापासून राग येतो. 2010 पासून सर्वोच्च न्यायालय पुन्हा पुन्हा सांगत आलं आहे की घरकामाला आर्थिक मोल आहे आणि ते मोजायलाच हवं. मणक्याला मार बसलेल्या बाईचा स्वयंपाक, धुणं, सासऱ्यांची सेवा, जनावरांचं शेण-पाणी हे सगळं दुसऱ्या कुणाकडून करून घ्यावं लागत असेल, तर ते तिच्या शपथपत्रात आलंच पाहिजे.

लहान मूल जखमी झालं तर त्याचं आजचं उत्पन्न शून्य म्हणून रक्कम छोटी, असं आता चालत नाही. फेब्रुवारी 2020 च्या एका निकालात, 12 वर्षांची असताना अपघातात सापडून बौद्धिक क्षमता गमावलेल्या मुलीचा विचार झाला. तिला आयुष्यभर दुसऱ्याच्या आधाराची गरज होती. सर्वोच्च न्यायालयाने परिचारिकेचा खर्चही एकरकमी अंदाजाने न देता वयाचा गुणक लावून, म्हणजे 18 ने गुणून दिला. कमरेखाली लुळेपणा, मेंदूला मार अशा दाव्यांत हा निकाल वकिलांच्या हातात असायलाच हवा. आई किंवा बायको सेवा करते म्हणून परिचारकाचा खर्च शून्य होत नाही. तिच्या श्रमांचीही किंमत मागता येते.

भविष्यातल्या उपचारांबाबत डॉक्टरांकडून लेखी अंदाज घ्या: पायातली सळई कधी काढायची, खुब्याचा सांधा बदलावा लागेल का, कृत्रिम पाय किती वर्षांनी बदलावा लागतो आणि त्याची देखभाल किती. कृत्रिम अवयव एकदा बसवून विषय संपत नाही, तो बदलण्याचा आणि दुरुस्तीचा खर्चही सर्वोच्च न्यायालयाने मंजूर केलेला आहे. नंतर पुन्हा मागता येईल या भरवशावर राहू नका. निवाडा एकदाच होतो.

बिलांचं सांगायला नकोच, तरी सांगतो: औषधाच्या दुकानातलं प्रत्येक बिल जखमीच्या नावाने आणि डॉक्टरांच्या चिठ्ठीला जोडून ठेवा. रुग्णवाहिका, तपासणीला जाण्यासाठी केलेली रिक्षा, फिजिओथेरपी, काही सुटू देऊ नका. मेडिक्लेममधून दवाखान्याचं बिल भागलं असेल तर ती रक्कम भरपाईतून वजा करायची का, हा वाद मुंबई उच्च न्यायालयात बराच काळ चालला होता. मार्च 2025 मध्ये पूर्णपीठाने तो मिटवला. हप्ता तुम्ही भरलात, ती रक्कम तुमच्या कराराची आहे, चूक करणाऱ्याला त्याचा फायदा मिळणार नाही. म्हणजे ती वजा होत नाही.

डॉक्टरांची साक्ष हा दाव्याचा कणा आहे आणि नेमका तोच भाग टाळला जातो. ज्यांनी उपचार केले किंवा ज्यांनी तपासून अपंगत्व ठरवलं, त्यांनी साक्षीला येऊन दाखला सिद्ध करावा लागतो. मागेल त्याला मागेल तेवढा टक्का देणाऱ्या डॉक्टरांबद्दल ‘राज कुमार’ निकालात न्यायालयाने स्पष्ट इशारा दिलेला आहे. फुगवलेला दाखला उलटतपासणीत फुटला की खऱ्या जखमेवरचाही विश्वास जातो. डॉक्टरांना शरीराच्या हालचालींबद्दल बोलू द्या, जसं गुडघा किती अंशांत वाकतो, किती वेळ उभं राहता येईल, वजन उचलता येईल का. कमाईचा टक्का ठरवणं न्यायाधिकरणाचं काम आहे.

आता चूक कुणाची, याबद्दल. फौजदारी खटल्यासारखा निर्विवाद पुरावा इथे लागत नाही, शक्यतांचा तोल कुठे झुकतो ते पाहतात. फिर्याद, घटनास्थळाचा पंचनामा, नकाशा आणि दोषारोपपत्र यांच्या प्रती मिळवा. नकाशात वाहन रस्त्याच्या कोणत्या बाजूला दाखवलं आहे, यावर पुष्कळ अवलंबून असतं. जखमीचीही चूक ठरली तर त्या प्रमाणात रक्कम कापली जाते. मात्र नियम मोडला म्हणजे आपोआप कपात, असं नाही. दुचाकीवर तिघं होते एवढ्यावरून पैसे कापता येत नाहीत, त्यामुळेच अपघात झाला किंवा इजा वाढली हे दाखवावं लागतं, असं सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये म्हटलं आहे. पायाच्या दाव्यात कुणी हेल्मेटचा मुद्दा काढला, तर हाच विचार पुढे करा. दोन वाहनांच्या धडकेत रिक्षातला किंवा एसटीतला प्रवासी जखमी झाला, तर तो दोघांपैकी कोणाकडूनही पूर्ण रक्कम मागू शकतो.

धडकणाऱ्या ड्रायव्हरकडे परवाना नव्हता म्हणून विमा कंपनी हात वर करते, तेव्हा घाबरू नका. त्रयस्थ जखमीला कंपनीने आधी पैसे द्यावेत आणि मग वाहनमालकाकडून वसूल करावेत, असे आदेश न्यायाधिकरणं देतात. मागे बसलेल्या माणसाची स्थिती मात्र बिकट होऊ शकते. ज्या दुचाकीवर तो बसला होता तिच्याच चालकाची चूक असेल आणि तिचा विमा फक्त थर्ड पार्टी असेल, तर त्या पॉलिसीत तो सहसा येत नाही. पॅकेज पॉलिसीत येतो. काही शे रुपये वाचवण्यासाठी नुसता थर्ड पार्टी विमा काढणाऱ्या प्रत्येक घराला हे ठाऊक असावं, असं मला वाटतं.

अपघात झाल्या झाल्या पैशांची नड असते. 5 मे 2025 च्या केंद्राच्या योजनेप्रमाणे नेमून दिलेल्या रुग्णालयात अपघातापासून सात दिवसांपर्यंत, दीड लाख रुपयांपर्यंतचे उपचार रोख न भरता मिळू शकतात. पोलिसांनी अपघाताचा पहिला अहवाल 48 तासांत न्यायाधिकरणाला पाठवायचा असतो, तो गेला का याची चौकशी करा. वाहन पळून गेलं आणि सापडलंच नाही, तर गंभीर जखमीला 50,000 रुपये मिळण्याची वेगळी योजना आहे. तिचा अर्ज महसूल अधिकाऱ्यांकडे जातो.

मोटार वाहन कायद्याच्या कलम 164 खाली गंभीर दुखापतीसाठी, कुणाची चूक हे सिद्ध न करता, अडीच लाख रुपये मिळतात. ऐकायला बरं वाटतं, पण सही करण्याआधी थांबा. ठरलेल्या पद्धतीने ती रक्कम स्वीकारली की कलम 166 खालचा मोठा दावा संपुष्टात येतो. हाड जुळून जाणारी जखम असेल तर हा मार्ग योग्य ठरू शकतो. कायमचं अपंगत्व येण्याची शंका असेल, तर उपचार करणाऱ्या डॉक्टरांशी बोलल्याशिवाय पुढे जाऊ नका. लोकअदालतीतल्या तडजोडीलाही हाच निकष लावा. वर दाखवलेलं गणित आधी कागदावर मांडा आणि मग समोरचा आकडा ऐका.

1 एप्रिल 2022 पासून दावा दाखल करण्याची मुदत अपघातापासून सहा महिने आहे. या तरतुदीला आव्हान दिलेलं आहे आणि केवळ उशिराच्या कारणावरून दावे फेटाळू नयेत असा अंतरिम आदेश सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर 2025 मध्ये दिला आहे. तरीही सहा महिन्यांच्या आतच अर्ज द्या, उपचार चालू असले तरी. दाखला मागाहून जोडता येतो. अर्ज अपघात झाला त्या जिल्ह्यात, तुम्ही राहता किंवा धंदा करता तिथे, किंवा प्रतिवादी राहतो तिथे, कुठेही करता येतो. पुण्याजवळ जखमी झालेल्या लातूरच्या माणसाने पुण्याच्या खेपा घालायची गरज नाही. अर्जात मागितलेली रक्कम कमी असली, तरी पुराव्यातून जास्त सिद्ध झाली तर न्यायाधिकरण जास्त देऊ शकतं.

रुग्णालयाच्या दारात भेटून ‘पैसे मिळाले की निम्मे आमचे’ म्हणणाऱ्यांना दूर ठेवा. निकालावर अवलंबून असलेली किंवा रकमेत वाटा मागणारी फी ठरवायला वकिलांच्या आचारसंहितेत मनाई आहे. कोऱ्या कागदावर, कोऱ्या धनादेशावर सही करू नका, बँकेचं पासबुक स्वतःकडेच ठेवा. फी परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करा. स्त्रिया, मुलं, अनुसूचित जाती-जमातींची माणसं आणि अपंग व्यक्ती यांना तिथे उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो.

निवाडा हातात आला की त्यातले चार आकडे तपासा: धरलेलं उत्पन्न, भविष्यातली वाढ, गुणक आणि कमाईच्या नुकसानीचा टक्का. व्याज कोणत्या तारखेपासून दिलंय तेही पाहा, ते सहसा अर्जाच्या तारखेपासून मिळतं. यातला एखादा आकडा चुकीचा वाटला तर उच्च न्यायालयात अपिलासाठी निवाड्याच्या तारखेपासून 90 दिवस आहेत. वादातली रक्कम एक लाखापेक्षा कमी असेल तर अपील करता येत नाही. निवाड्याच्या प्रमाणित प्रतीसाठी त्याच दिवशी अर्ज द्या.